मामाची राहिलेली बारी

माझ्या धाकट्या मामाने आजवर समोरच्याचं शेवटचं वाक्य कधी शेवटचं ठरू दिलेलं नाही. मग समोर माणूस असो, देव असो, नाहीतर लिफ्ट. लालबागची त्याची चाळ पाडून तिथे टॉवर उभा राहिला आणि मामा तिसऱ्या मजल्यावरून एकदम एकोणिसाव्यावर गेला. त्या टॉवरच्या लिफ्टमध्ये एक बाई बोलते. "कृपया दरवाजा बंद करा," असं बजावते आणि उत्तराची वाट न पाहता गप्प बसते. मामाला हे पहिल्याच दिवशी खटकलं. तेव्हापासून तो एक पाय दारात ठेवून तिला उत्तर देतो, की शेजारची म्हातारी पिशवी घेऊन येते आहे, तिचे गुडघे दुखतात, ती आत आल्याशिवाय दरवाजा बंद करणं माणुसकीला धरून होणार नाही. एवढं सांगून झालं की मगच लिफ्ट हलते. सोसायटीने शेवटी सूचना लावली की रहिवाशांनी लिफ्टचं दार विनाकारण अडवू नये. दुसऱ्या दिवशी त्या सूचनेखाली पेन्सिलीने कारण लिहिलेलं होतं. अक्षर अर्थातच मामाचं.

टीव्हीवरच्या बातम्या तर तो सलग बघूच शकत नाही. निवेदक काहीतरी ठणकावून सांगतो, मामा लगेच टीव्हीचा आवाज बंद करतो, त्याला दोन मिनिटं सुनावतो आणि मग आवाज पुन्हा चालू करतो. तोवर दोन मिनिटांच्या बातम्या निघून गेलेल्या असतात. त्यामुळे मामाचं जगाविषयीचं ज्ञान एकाआड एक आहे. कुठे पूर आला हे त्याला ठाऊक असतं, ओसरला की नाही हे ठाऊक नसतं. डॉक्टरांनी साखर बंद करायला सांगितली तेव्हा त्याने साखरेची बाजू इतकी मनापासून मांडली, की बाहेर बसलेले पेशंट आत डोकावून गेले. डॉक्टर भला माणूस. सगळं ऐकून घेतलं, गोळ्या मात्र बदलल्या नाहीत. मामा खूश होऊन घरी आला. "ऐकून घेतल्यान माझा," एवढंच म्हणाला आणि त्या दिवसापासून चहा बिनसाखरेचा प्यायला लागला.

इथे मामाचा खरा स्वभाव सांगायला हवा, नाहीतर तुम्हाला वाटेल की आमचा मामा नुसता भांडखोर आहे. स्वतःची बाजू मांडायचा त्याचा हट्ट जेवढा, तेवढाच दुसऱ्याने स्वतःची मांडावी हाही. मार्चमध्ये लालबागच्या मसाल्याच्या गिरण्यांवर किती गर्दी असते, तुम्हाला माहीत असेलच. भाजलेल्या मिरच्यांचे डबे घेऊन अख्खी मुंबई रांगेत उभी आणि जो तो शिंकतोय. अशा रांगेत एकदा एक इसम मध्येच घुसला. बायकांनी त्याला धारेवर धरलं. मामाचा नंबर दुसरा होता, नुकसान त्याचंच व्हायचं होतं. पण तोच हात वर करून म्हणाला, "थांबा. तेका बोलूक देवा." त्या इसमालाही हे नवीन असावं. तो आधी गांगरला, मग बोलायला लागला. बहिणीचं लग्न, गावाला जाणारी गाडी, घरी आजारी आई, असं करत तो रंगतच गेला. मामा मान डोलावत होता आणि मागच्या रांगेत मामी कपाळाला हात लावून उभी होती. शेवटी मामा म्हणाला, "ऐकलं. सगळा पटला. आता मागे जा." आणि तो खरोखरच मागे गेला.

नोकरीत असताना मामाला एकदा कंपनीने कारणे दाखवा नोटीस दिली होती. गोदामात तो मालाची नोंद ठेवायचा. काहीतरी चूक झाली आणि आपल्यावर कारवाई का करू नये याचा खुलासा करावा, असं पत्र आलं. दुसरा कुणी असता तर त्याला झोप लागली नसती. मामाला आनंदाने लागली नाही. एवढ्या वर्षांत कंपनीने त्याला पहिल्यांदाच काहीतरी विचारलं होतं. त्याने चौदा पानी खुलासा लिहिला, त्यात गोदामाच्या गळक्या पत्र्यापासून देशाच्या औद्योगिक धोरणापर्यंत सगळं आलं. साहेबांनी तो पाचव्या पानापर्यंत वाचला आणि कारवाई रद्द केली. ती नोटीस मामाने फ्रेम करून भिंतीवर लावली आहे. पाहुणे विचारतात, कसलं सर्टिफिकेट?

या सगळ्याचं मूळ आहे डबलबारीत. मामा बुवा आहे. म्हणजे डबलबारी भजनातला बुवा. आमच्या कोकणात दोन भजनी मंडळं समोरासमोर बसतात, मध्ये प्रेक्षक. एक बुवा पेटीवर बसून आपली बारी करतो, गातो, समोरच्याला चिमटे काढतो, पुराणातला एखादा अवघड प्रश्न टाकतो आणि थांबतो. मग समोरच्याची बारी. तो त्या प्रश्नाचं उत्तर गाण्यातून देतो, चिमटे परत करतो आणि आपला प्रश्न टाकतो. गावात हे पहाट होईपर्यंत चालतं. गिरणगावात आमच्या आजोबांच्या पिढीने हा खेळ आणला आणि मामाने तो अंगात भिनवून घेतला. मामाच्या हिशेबी जगात दोनच गोष्टी आहेत, तुझी बारी आणि माझी बारी. एकट्याने बोलत सुटणं याला तो बारी म्हणतच नाही.

मामाच्या समोर तीस वर्षं एकच माणूस बसत आला, माहीमचे बुवा. मूळचे कणकवलीकडचे, माहीमला कोळीवाड्याजवळ एका जुन्या घरात राहायचे. किडकिडीत अंग, पण आवाज असा की मांडवाचे बांबू ताठ व्हावेत. स्टेजवर दोघं एकमेकांची सात पिढ्यांपर्यंत उणीदुणी काढत आणि खाली उतरले की एकाच ताटातली भजी खात. मामी म्हणायची, "माझ्याशी एवढा बोलणा झाला असता तर संसार झाला असता."

त्या दोघांच्यात कोर्ट आलं ते असं. परळला एका चाळीच्या सत्यनारायणाला बारी ठरली होती. माहीमच्या बुवांनी त्या दिवशी मामाला प्रश्न टाकला. लक्ष्मण वनवासात चौदा वर्षं जागा राहिला, त्याच्या वाट्याची झोप ऊर्मिलेने घेतली आणि ती तिकडे अयोध्येत चौदा वर्षं झोपली, असं लोक सांगतात. मग तिला उठवलं कुणी? प्रेक्षकांनी टाळ्या वाजवल्या. मामाला चेव चढला. तो बसल्या जागेवरून ओरडला, की माझ्या बारीत उत्तर दिलं नाही तर लाख रुपये देईन. बुवा म्हणाले, तोंडी नको, लिहून द्या. आता ही आमच्या माणसांची खोड. स्टेजवरचा चिमटा अर्धा सोडायचा नाही, तडीला न्यायचा. कुणीतरी कागद दिला. मामाने लिहिलं, की मागाल तेव्हा एक लाख एक रुपये देईन. वरचा एक रुपया शुभ म्हणून. उत्तराबित्तराचं काही लिहायचं राहून गेलं. प्रेक्षकांत एक पोस्टाचं काम करणारे एजंट बसले होते, त्यांच्या पाकिटात रेव्हेन्यू स्टॅम्प होता. त्यांनी तो मोठ्या हौसेने चिकटवला, मामाने त्यावर झोकात सही केली आणि हशा-टाळ्यांच्या गजरात भर मांडवात एक पक्की वचनचिठ्ठी तयार झाली.

मामा पेटीकडे सरकला, पखवाजावर थाप पडली आणि रात्रीचे दहा वाजले. दहाला मुंबईत लाऊडस्पीकर बंद. पोलीस आले, नम्रपणे हात जोडले, मंडळाने वायरी काढल्या आणि बारी तिथेच मोडली. मामाच्या तोंडचा पहिला सूर तोंडातच राहिला.

दोन-अडीच वर्षं तो कागद नुसता गमतीचा होता. बुवा प्रत्येक बारीत त्यावरून मामाला टोमणे मारायचे आणि मामा, ती बारी वेगळी, ही वेगळी, असं म्हणून निसटायचा. पण एका कार्यक्रमात मामाच्या तोंडून गेलं, की असला प्रश्न पुराणात कुठेच नाही, बुवांनी तो घरी बसून रचला आहे. हे बुवांच्या जिव्हारी लागलं. बुवाला तुझा आवाज वाईट आहे म्हटलेलं चालतं, तुझा प्रश्न खोटा आहे म्हटलेलं चालत नाही. त्यांच्या शेजारी एक नवा वकील राहायला आला होता, त्याने कागद पाहिला आणि म्हणाला, काका, हा तर सोन्यासारखा कागद आहे. दावा लावायची तीन वर्षांची मुदत संपत आली होती. बुवांनी रागाच्या भरात दाव्यावर सही केली आणि मामाच्या एकोणिसाव्या मजल्यावर समन्स आलं.

मी वकील आहे. दादरला माझं छोटं ऑफिस आहे आणि माझं बहुतेक काम भाडेकरार आणि सोसायट्यांची भांडणं एवढंच. मामा समन्स घेऊन आला तेव्हा त्याचा चेहरा त्या जुन्या नोटिशीच्या दिवशी होता तसाच फुललेला होता. सोबत त्याने लिहिलेलं उत्तरही आणलं होतं, फुलस्केपचा अख्खा गठ्ठा. मी कागद वाचले आणि त्याला खाली बसवलं. हा समरी दावा होता. लेखी कागदावरून पैसे मागायचे असले की असा झटपट दावा लावता येतो. त्यात समन्स आलं म्हणून सरळ जाऊन आपलं म्हणणं मांडता येत नाही. आधी दहा दिवसांत हजेरी लावायची, मग शपथपत्र करून कोर्टाला पटवायचं की माझ्याकडे सांगण्यासारखं काहीतरी खरोखर आहे. पटलं तर बचावाची परवानगी मिळते. नाही पटलं, तर समोरच्याचं म्हणणं खरं धरून तिथेच हुकूमनामा.

मामाने आपला गठ्ठा माझ्या टेबलावरून परत ओढून घेतला.  मग म्हणाला, "म्हणजे बोलूच्या आदी बोलूची परवानगी काढूची?"

मी म्हटलं, हो.

"आणि नाय मिळाली तर? तेंची बारी झाली, माझी झालीच नाय, आणि मी हरलंय असा लिवतले?"

मी म्हटलं, हो, असंच लिहितील. पैशांचा प्रश्न त्याच्या डोक्यात आलाच नव्हता. पैसे त्याच्याकडे होते अशातला भाग नाही, मामीच्या बांगड्या गेल्या असत्या. पण मामाला दिसत होता तो एक सरकारी शिक्का मारलेला कागद, ज्यावर कायमचं लिहिलेलं असणार होतं की हा बुवा उत्तर न देता हरला. त्याचे हात मांडीवर पेटी असल्यासारखे उगीच हलत होते. मला त्याची फार दया आली आणि मी एकदम सोपा रस्ता काढला. मी त्याला सांगितलं, की मामा, काळजी करू नकोस, ही पैज होती आणि पैजेचा करार कायद्यात चालत नाही. वर सांगू, की सगळी मस्करी होती. परवानगी चुटकीसरशी मिळेल.

मामा ताडकन उठला. "बारी म्हणजे मस्करी? मगे तीस वर्सां मी काय केलंय?"

त्यानंतर त्याने मला ऐकवलं ते सगळं इथे लिहीत नाही. मथितार्थ असा की शब्द त्याने शुद्धीत दिला होता, सही त्याची होती आणि यातलं एक अक्षर नाकारलं तर माहीमच्या बुवांना तो तोंड दाखवू शकणार नव्हता. तेव्हा शपथपत्रात एवढंच लिहायचं की उत्तर देणार होतो, बारी मिळाली नाही. मी ठीक म्हटलं. टाइप करताना सहज विचारलं, की शपथेवर लिहायचंय, तर उत्तर काय होतं तेही घालू या. ऊर्मिलेला उठवलं कुणी?

मामाने खिडकीतून बाहेर पाहिलं. पंखा पाहिला. माझ्या भिंतीवरची डिग्री वाचली.

"माका म्हायत नाय," तो हळूच म्हणाला.

तेव्हा माहीत नव्हतं आणि आजही माहीत नाही. अडीच वर्षं तो कीर्तनकारांना विचारत फिरला, निवृत्त शिक्षकांच्या घरी चहा पिऊन आला, कुणालाच सांगता आलं नाही. मग त्याने चिडून प्रश्नच खोटा ठरवला होता. मी हात टेकले. म्हटलं, मामा, उत्तरच नाही तर भांडायचं कशासाठी? तर म्हणाला, "उत्तर नसला तरी बारी माझी आसा. ती कोणी काढून घेवची नाय." वकिलीच्या परीक्षेत मी बचावाच्या हक्कावर अर्धं पान लिहिलं होतं आणि चांगले मार्क मिळवले होते. पण तो हक्क म्हणजे नेमकं काय, हे मला त्या दुपारी कळलं. शपथपत्रात आम्ही उत्तराचा उल्लेख टाळला. माझी बारी झाली नाही, एवढंच एक खरं वाक्य फिरवून फिरवून चार परिच्छेदांत लिहिलं.

तारखेला मामा फोर्टात कोर्टाबाहेर हजर झाला तो बारीच्या वेषात. पांढरा झब्बा, खांद्यावर उपरणं, कपाळावर बुक्का. मी म्हटलं, निदान उपरणं काढ. काढलं नाही. बाकावर दुसऱ्या टोकाला माहीमचे बुवा बसले होते, तेही झब्ब्यात. दोघं एकमेकांशी बोलत नव्हते, त्यामुळे निरोप माझ्यामार्फत चालले होते. बुवा मला म्हणाले, यांना सांग, बाहेर गार वाऱ्यात बसू नका, आवाज बसेल. मामा मला म्हणाला, तेंका सांग, माझ्या आवाजाची काळजी करणाऱ्यांनी समन्स पाठवायचं नसतं. बुवांचा तरुण वकील आमच्याकडे आळीपाळीने बघत होता.

आमचा पुकारा झाला. न्यायाधीश बाई होत्या, विदर्भाकडच्या, समंजस वाटल्या. बुवांच्या वकिलाने कागद दाखवला, स्टॅम्प दाखवला आणि म्हणाला, की सही नाकारलेली नाही, बचाव निव्वळ वेळकाढूपणाचा आहे, परवानगी नाकारावी. बाईंनी मामाकडे पाहून विचारलं, की सही तुमचीच आहे ना?

"माझीच," मामा म्हणाला. "जरा घाईत केली, नाहीतर याहून बरी येते."

मी डोळे मिटून घेतले. बाईंनी हसू दाबलं आणि विचारलं, मग तुमचं म्हणणं काय? मी बोलायला उभी राहिले, पण मामाने माझ्या कोटाची बाही धरून मला खाली बसवलं.

"बाईसाहेब," तो शक्य तेवढ्या शुद्ध मराठीत म्हणाला, "यांची बारी झाली. माझी राहिली. दहा वाजले."

बाईंना काही कळलं नाही, त्यांनी बारी म्हणजे काय ते विचारलं. विचारायलाच नको होतं. मामाने डबलबारीचा उगम, पेटीची जागा, कोरसची बैठक, सगळं सांगितलं आणि पुढचं गाऊन दाखवण्यासाठी घसा खाकरला. बुवांचा वकील मध्येच म्हणाला, की साहेब, ही सगळी रचलेली कथा आहे, असं काही घडल्याचा पुरावा नाही. तेव्हा मागच्या बाकावरून माहीमचे बुवा उभे राहिले. वकील त्यांना हाताने बसा बसा करत होता.

"घडलंय, बाईसाहेब," बुवा म्हणाले. "यांची बारी झालीच नाही. आमचा स्पीकर बंद केला. शंभर माणसं बसली होती, मी खोटं कसं बोलू?"

त्यांच्या वकिलाने कागद मिटले आणि छताकडे पाहिलं. बाईंनी चष्मा काढून पुसला. मग टायपिस्टला सांगायला सुरुवात केली, की रक्कम कशासाठी लिहून दिली, कुठल्या अटीवर दिली आणि ती अट पुरी करायची संधी प्रतिवादीला मिळाली का, हे साक्षीपुराव्यानेच ठरवण्याजोगं आहे, सबब प्रतिवादीला बचावाची परवानगी विनाअट देण्यात येते. कोर्टात एक पैसा भरायला सांगितला नाही. मी मामाला कानात सांगितलं. त्याने स्टेजवर चढताना करतात तसा वाकून कोर्टाच्या फरशीला हात लावला आणि तो कपाळाला नेला. शिपाई धावत आला, त्याला वाटलं म्हाताऱ्याला घेरी आली.

पुढचे काही महिने मामा विशीतल्यासारखा दिसत होता. दावा आता रीतसर चालणार होता, बुवांची साक्ष होणार होती, मग मामाची. तारखा पडत होत्या आणि मामा एकही चुकवत नव्हता, मी नको म्हटलं तरी यायचा. बुवाही यायचे. कँटीनमध्ये दोघं वेगवेगळ्या टेबलांवर समोरासमोर बसायचे, एक वडा इकडून तिकडे माझ्या हातून जायचा. घरी उत्तराचा शोध नव्या जोमाने सुरू झाला होता. एकदा मामी भाकऱ्या थापताना वैतागून म्हणाली, "बाईमाणसाक कोण उठयता? काम पडला काय ती आपली आपण उठता." मला ते उत्तर इतकं आवडलं की मी म्हटलं, हेच दे. मामाने विचार केला आणि म्हणाला, बरोबर असेल, पण आधार नाही.

मग एका तारखेला बुवा आले नाहीत. त्यांचा वकील एकटाच आला आणि त्याने पुरशीस, म्हणजे कोर्टाला लेखी निवेदन, दिली. बुवांना अर्धांगाचा झटका आला होता, मुलाने त्यांना कायमचं गावी नेलं होतं आणि दावा बिनशर्त मागे घेत असल्याचं त्यांनी अंगठा उठवून लिहून दिलं होतं. मी बाहेर येऊन मामाला सांगितलं, की सुटलास, आता कुणी काही मागणार नाही. मामाला आधी काहीच समजलं नाही. मग म्हणाला, मला न विचारता मागे कसा घेतला? मला परवानगी मिळालेली आहे. त्याने मला त्या पुरशिशीला हरकत घ्यायला सांगितलं. मी समजावलं, की मामा, हरकत कसली घेणार, तू जिंकल्यातच जमा आहेस, पैसे वाचले.

"पैशाचा कोण बोलता?" मामा म्हणाला. "माझी बारी खंय गेली?"

तो तिथेच बाकावर बसला. वीस वर्षं वकिली करते आहे, खटला सुटला म्हणून रडलेला अशील मी त्याच्याआधी पाहिला नव्हता.

त्यानंतर मामा थोडा मावळलाच. लिफ्टमधली बाई बोलायची आणि तो ऐकून घ्यायचा. मामीने मला फोन केला, म्हणाली, ह्यांना काहीतरी झालंय, बातम्या सलग बघतात. मग मीच गावी बुवांच्या मुलाला फोन लावला. एका रविवारी दुपारी एकोणिसाव्या मजल्यावर पेटी काढली. पखवाजाला शेजारचा पोरगा मिळाला, झांज मी घेतली, कोरसला मामी आणि पिशवीवाली म्हातारी. समोर स्टुलावर मोबाइल उभा केला. पडद्यावर बुवा दिसले, उशीला टेकलेले, तोंड एका बाजूला ओढलेलं, डोळे मात्र तेच. मुलाने सांगितलं की बोलणं नीट समजत नाही, पण ऐकू सगळं येतं.

मामाने बारी केली. पूर्ण केली. आवाज दोनदा फाटला, तरी थांबला नाही. बुवांच्या किडकिडीत अंगावर चिमटा काढला, त्यांच्या वकिलावर काढला, दहा वाजण्यावर काढला. पलीकडे बुवांचे खांदे हसताना हलत होते. मग तो ऊर्मिलेवर आला. चौदा वर्षं घोळवून घोळवून गायला, तिच्या उशाशी येऊन थांबला आणि पेटीवरचे हात उचलले.

"बुवा," तो म्हणाला, "उत्तर नाय माझ्याकडे."

 पडद्यावर बुवांचे ओठ हलले. बराच वेळ हलले, एखादाच आवाज बाहेर आला, मला त्यातलं अक्षर कळलं नाही, त्यांच्या मुलालाही नाही. मामाला कळलं असावं, कारण त्याने दोन्ही हात जोडले आणि कितीतरी वेळ तसेच धरून ठेवले. मी विचारलं, काय म्हणाले?

"म्हणतत, घाई नाय," मामा म्हणाला. "फुडच्या बारीक दी."